पगाराच्या चिठ्ठीतला इतिहास



विहाराच्या वर्धापनदिनाच्या स्मरणिकेसाठी तुम्ही काहीतरी लिहाच, असा संपादक मंडळाचा आग्रह झाला. मी काही लेखक नाही. शाळा मध्येच सुटली. पुढचे जे काही शिकलो ते वाचनालयात आणि युनियनच्या सभांमध्ये. तीस वर्षांहून जास्त काळ तारापूरच्या औद्योगिक वसाहतीत कापडाच्या कारखान्यात काम करतो आहे. म्हणून ठरवले की, जो कागद आपल्या घरोघरी येतो पण कोणी वाचत नाही, त्या कागदाचा इतिहास लिहावा. हा कागद म्हणजे पगाराची चिठ्ठी.

चिठ्ठी हातात आली की आपण शेवटचा आकडा बघतो आणि ती खिशात कोंबतो. घरी बायको विचारते, "एवढे पैसे कुठं गेले हो?" आपण म्हणतो, "कापले." कोणी कापले, कशासाठी कापले, त्याच्या बदल्यात आपल्याला काय मिळायला पाहिजे, हे सांगता येत नाही. बंधूंनो, या कपातीच्या एकेका ओळीमागे शंभर वर्षांचा झगडा आहे.

सुरुवात हजेरीपासून करू. महिन्याच्या हजेरीत आठवड्याची सुट्टी दिसते. ती आकाशातून पडली नाही. महात्मा फुल्यांचे सहकारी नारायण मेघाजी लोखंडे यांनी १८८४ साली गिरणी कामगारांची संघटना उभी केली आणि मुंबईच्या गिरण्यांमध्ये रविवारची सुट्टी १८९० साली मिळवली. त्याआधी गिरणीतला माणूस सूर्य उगवताना आत जायचा आणि मावळल्यावर बाहेर यायचा. आठ तासांच्या कामाचेही तसेच. १९३४ च्या कायद्यात बारमाही कारखान्यांसाठी आठवड्याला ५४ तास होते. डॉ. बाबासाहेब आंबेडकर १९४२ ते १९४६ या काळात व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर खात्याचे सदस्य होते. त्यांच्याच कारकिर्दीत १९४६ साली कारखाना कायद्यात दुरुस्ती होऊन आठवड्याचे ४८ तास झाले. बाबासाहेबांना आपण घटनेचे शिल्पकार म्हणून वंदन करतो. पण कारखान्याच्या भोंग्याशी त्यांचा काय संबंध, हे आपल्या पोरांना माहीत नसते. ते त्यांना सांगितले पाहिजे.

आता चिठ्ठीतली पहिली कपात बघू. ई.एस.आय., म्हणजे कामगार राज्य विमा. हिची गोष्ट जरा सविस्तर सांगतो, कारण आजचा सगळा वाद या गोष्टीत आहे.

१९२८ साली मुंबईच्या कायदे कौन्सिलात गिरणीतल्या बायांना बाळंतपणाची भरपगारी रजा देण्याचे बिल आले. बाबासाहेब तेव्हा कौन्सिलचे सभासद होते. त्यांनी बिलाला पाठिंबा दिला. आईला बाळंतपणाच्या आधी आणि नंतर विश्रांती मिळणे हे साऱ्या राष्ट्राच्या हिताचे आहे, म्हणून याचा मोठा भार खरे तर सरकारने उचलायला हवा, असे त्यांचे म्हणणे होते. पण सरकार उचलत नाही तोवर, बायांच्या श्रमावर नफा कमावणाऱ्या मालकाने तो उचललाच पाहिजे, असेही त्यांनी ठणकावले. १९२९ साली कायदा झाला. मात्र सगळा खर्च एकट्या मालकावर पडू लागला की मालक पळवाट शोधतो. बायांना कामावरच घ्यायचे नाही, ही ती पळवाट. मुंबईच्या गिरण्यांत बायांची संख्या पुढे घटत गेली. त्याला इतरही कारणे होती, पण हे एक कारण होतेच.

यावर तोड काय? तोड म्हणजे विमा. सगळे मालक थोडेथोडे भरतील, सगळे कामगार थोडेथोडे भरतील आणि त्या सामाईक पेटीतून ज्याला गरज पडेल त्याला मिळेल. मग एकट्या मालकावर बोजा नाही, आणि आजारी माणसाला कोणापुढे हात पसरायची पाळी नाही. जर्मनीत १८८३ सालीच कामगारांचा आजारपणाचा विमा सुरू झाला होता. इंग्लंडात डिसेंबर १९४२ मध्ये बेव्हरिज साहेबांचा अहवाल निघाला आणि जन्मापासून मरणापर्यंत नागरिकाची जबाबदारी राज्याने घ्यावी, हा विचार जगभर पसरला. यालाच कल्याणकारी राज्य म्हणतात. आपल्याकडे मार्च १९४३ मध्ये, म्हणजे बाबासाहेबांच्याच खात्यात, प्राध्यापक बी. पी. आडारकर यांना कामगारांच्या आरोग्य विम्याची योजना तयार करायला नेमले गेले. त्यांचा अहवाल ऑगस्ट १९४४ मध्ये आला. पुढे बाबासाहेब त्या पदावर राहिले नाहीत, जगजीवनराम मजूर सदस्य झाले. १९४८ साली कायदा मंजूर झाला आणि २४ फेब्रुवारी १९५२ रोजी कानपूरला पंडित नेहरूंच्या हस्ते योजना सुरू झाली.

आपल्या विहारात बसून सांगायचे तर हा विचार आपल्याला परका नाही. सिगालोवाद सुत्तात भगवान बुद्धांनी सिगाल नावाच्या गृहस्थाला मालकाची कर्तव्ये सांगितली आहेत. नोकराला त्याच्या ताकदीप्रमाणे काम द्यावे, अन्न आणि वेतन द्यावे, आजारपणात त्याची काळजी घ्यावी, वेळोवेळी सुट्टी द्यावी. बुद्धांनी याला दान म्हटलेले नाही, कर्तव्य म्हटले आहे. हा फरक ध्यानात ठेवा, पुढे त्याचे काम पडणार आहे.

या कार्डाची किंमत मी लहानपणीच पाहिली. माझे वडील गिरणगावात एका गिरणीत होते. त्यांना क्षय झाला तेव्हा मी दुसरी-तिसरीत असेन. विम्याच्या इस्पितळात औषध मिळाले आणि रजेच्या काळात पगाराचा काही भागही घरी येत राहिला. आईला कोणाच्या दारात जावे लागले नाही. १८ जानेवारी १९८२ ला डॉ. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली गिरण्यांचा संप सुरू झाला, गिरणगाव उद्ध्वस्त झाले आणि आम्ही बोईसरला आलो. इथली खोली वडिलांच्या प्रॉव्हिडंट फंडाच्या पैशातून घेतली. तो फंड म्हणजे आपल्या चिठ्ठीतली दुसरी कपात. १९५२ च्या कायद्याने हा फंड आला. सुरुवातीला फक्त सहा उद्योगांना होता आणि त्यात कापड होते.

तिसरी ओळ व्यवसाय कराची. महिन्याला दोनशे रुपये जातात आणि आपण कुरकुरतो. पण हा कर कशासाठी लागला? वि. स. पागे यांनी १९६५ साली तासगाव तालुक्यात मागेल त्याला काम देण्याचा प्रयोग सुरू केला. १९७२ च्या दुष्काळात तो महाराष्ट्रभर पसरला. रोजगार हमीचा कायदा १९७७ साली झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून अमलात आला. त्याला पैसा पाहिजे म्हणून शहरातल्या पगारदारांवर १९७५ च्या कायद्याने हा कर बसवला. म्हणजे बोईसरच्या कामगाराच्या चिठ्ठीतून गेलेला पैसा जव्हार-मोखाड्याच्या आदिवासी भावाच्या कामासाठी होता. दिवाळी झाली की पोराबाळांसह वीटभट्टीवर जाणारी कुटुंबे आपण स्टेशनवर बघतोच. गावात काम मिळाले तर त्यांना जावे लागणार नाही, हा त्यामागचा हेतू. महाराष्ट्राच्या या अनुभवावरूनच २००५ साली केंद्राने शंभर दिवसांच्या कामाचा कायदा केला. डिसेंबर २०२५ मध्ये संसदेने त्याच्या जागी दुसरा कायदा मंजूर केला. त्यात दिवस १२५ केले, पण खर्चाचा मोठा वाटा राज्यांवर टाकला. दिवस वाढले म्हणून आनंद मानायचा की पैसा कुठून येणार म्हणून काळजी करायची, यावर वाद चालू आहे.

आता आजच्या प्रश्नाकडे येतो. मित्रहो, तारापूरच्या वसाहतीत सकाळच्या पाळीला गेटवर उभे राहून बघा. आत जाणाऱ्यांपैकी कायम किती आणि ठेकेदाराचे किती? आमच्या वस्तीतला एक मुलगा, वय बावीस, ठेकेदाराकडे लागला होता. मशीनमध्ये त्याच्या उजव्या हाताची दोन बोटे गेली. इस्पितळात कार्ड मागितले तर कार्ड नाही. पगारातून विम्याचे पैसे दर महिन्याला कापले जात होते, पण नाव चढवलेलेच नव्हते. ठेकेदाराने पाच हजार रुपये हातावर ठेवले आणि म्हणाला, "माणुसकी म्हणून देतो." त्याची आई ते पैसे घेऊन माझ्याकडे आली आणि म्हणाली, "भाऊ, चांगला माणूस आहे तो."

मला वडिलांचे कार्ड आठवले. पन्नास वर्षांपूर्वी एक गिरणी कामगार हक्काने औषध घेत होता आणि आज त्याच्या नातवाच्या वयाचा मुलगा ठेकेदाराच्या माणुसकीवर जगतो आहे. ही प्रगती म्हणायची काय?

खरे तर कायदा त्या मुलाच्या बाजूने होता. कामगार ठेकेदाराचा असला तरी विम्याची वर्गणी भरण्याची जबाबदारी मूळ मालकाची, हे १९४८ च्या कायद्यातच लिहिले होते. मालकाने भरले नाही तर महामंडळाने कामगाराला लाभ द्यावा आणि मालकाकडून वसूल करावे, असेही त्यात होते. आम्ही चारजण कागद घेऊन खेटे घालू लागलो. हजेरीच्या चिठ्ठ्या, गेटपास, सोबत्यांचे जबाब जमवले. अकरा महिने लागले, पण त्याचे अपंगत्वाचे पैसे सुरू झाले. त्याच्या आईने ठेकेदाराचे पाच हजार नेऊन परत दिले.

आज देशात मोठा वाद आहे. काही लोक म्हणतात, सरकारला हे सगळे परवडत नाही. आपल्या घटनेच्या कलम ४१ मध्ये बेकारी, म्हातारपण, आजारपण आणि अपंगत्वात साहाय्य द्यावे असे सांगितले आहे, पण सोबत राज्याच्या आर्थिक कुवतीची मर्यादाही घातली आहे. सगळे भांडण त्या कुवतीवर येऊन थांबते. मार्च २०२३ मध्ये सरकारी कर्मचाऱ्यांनी जुन्या पेन्शनसाठी संप केला. त्यांचे म्हणणे मला पटते. पण कारखान्यातल्या माणसाला १९९५ च्या योजनेतून जी पेन्शन मिळते, तिची किमान रक्कम सप्टेंबर २०१४ पासून एक हजार रुपये आहे. एक हजारात म्हाताऱ्याने गोळ्या घ्यायच्या की भाकरी खायची? त्याच्या कुवतीचा हिशोब कोण मांडणार?

दुसरा वाद थेट खात्यात पैसे देण्याचा. २०२४ साली लाडकी बहीण योजनेत महिन्याला दीड हजार रुपये येऊ लागले. आपल्या आयाबहिणींच्या हातात पैसा आला, त्याला नावे ठेवणारा मी नाही. बाईच्या हातातला पैसा पोरांच्या पोटात जातो. पण ज्याला भेट म्हणून दिले जाते ते निवडणूक झाल्यावर थांबवताही येते, नावे गाळताही येतात. विम्याचे कार्ड तसे नाही. ती आपली वर्गणी आहे, तिच्यासाठी दाद मागता येते. कल्याणकारी राज्य म्हणजे राजाची मेहेरबानी नव्हे, एवढे आपण समजून घेतले तरी पुष्कळ झाले.

२०१९ आणि २०२० साली संसदेने जुने कामगार कायदे एकत्र करून चार संहिता केल्या आणि २१ नोव्हेंबर २०२५ पासून त्या लागू झाल्या. अॅपवर जेवण पोचवणाऱ्या पोरांचाही त्यात प्रथमच उल्लेख आला, ही चांगली गोष्ट. पण कायद्यात नाव येणे आणि रजिस्टरात नाव येणे यांत किती अंतर असते, ते आमच्या त्या मुलाला विचारा.

म्हणून शेवटी कामाचे सांगतो. चौदा हजार पगार असेल तर २०१९ च्या दराने विम्याला आपले १०५ रुपये जातात आणि मालकाचे ४५५. फंडात आपले बारा टक्के आणि मालकाचेही तेवढेच. चिठ्ठीवर हे आकडे आहेत का ते बघा. चिठ्ठीच मिळत नसेल तर मागा. फंडाचे पासबुक मोबाईलवर दिसते, ते दर तीन महिन्यांनी तपासा. विम्याचे कार्ड काढा, त्यावर बायको, पोरे, आईवडील यांची नावे घाला. पेन्शनला दहा वर्षांची नोकरी लागते, म्हणून ठेकेदार बदलला तरी फंडाचा नंबर तोच ठेवा. ठेकेदाराचे कामगार असाल तर हजेरीचा प्रत्येक कागद जपा, पुढे तोच तुमचा साक्षीदार आहे.

दर रविवारी वंदनेनंतर एक तास मी आणि आमचे दोन सोबती विहारात बसतो. त्या मुलाने तिथे डाव्या हाताने अर्ज भरायला शिकून घेतले आहे. आता तोच इतरांचे अर्ज भरून देतो. येताना चिठ्ठी घेऊन या.

जयभीम! नमो बुद्धाय!