ट्रुर्लचं 'न'चं यंत्र: शब्द उच्चारला की वस्तू हजर

'घरात वाईट बोलू नये, वास्तू तथास्तु म्हणते' हे आपण लहानपणापासून ऐकत आलोय. बोललेला शब्द जसाच्या तसा खरा होतो ही कल्पना तशी जुनीच. पोलंडचे विज्ञानकथा लेखक स्तानिस्लाव लेम (१९२१-२००६) यांनी ती एका यंत्रात बसवली. हे यंत्र अर्थातच काल्पनिक आहे. पण यंत्राला भाषेतून हुकूम देताना नेमकं काय बिघडतं, हे त्यातून जितकं स्पष्ट कळतं तितकं कित्येक तांत्रिक पुस्तकांतूनही कळत नाही. एआय एजंटच्या हाती आपल्या फाइल्स आणि मेल सोपवण्याच्या या दिवसांत ते माहीत असलेलं बरं.

हे यंत्र करतं तरी काय?

लेम यांचं 'सायबेरियाडा' हे पुस्तक १९६५ साली पोलिश भाषेत आलं आणि १९७४ साली मायकेल कॅण्डेल यांनी त्याचा इंग्रजी अनुवाद केला. त्यातले ट्रुर्ल आणि क्लापाउसियस हे दोन नायक स्वतःच यंत्रमानव आहेत आणि यंत्रं बनवणं हाच त्यांचा धंदा. एकमेकांचे मित्र, आणि तितकेच स्पर्धक.

ट्रुर्ल एक यंत्र बनवतो. 'न'पासून सुरू होणारी कोणतीही वस्तू ते तयार करू शकतं. नाव घ्या, वस्तू हजर. चाचणीत सगळं सुरळीत चालतं, पण 'नेट्रियम' मागितल्यावर यंत्र नकार देतं. सोडियमचं हे लॅटिन नाव आहे, आणि सोडियम काही 'न'पासून सुरू होत नाही! यंत्राचं म्हणणं असं की, जगातल्या प्रत्येक भाषेतला 'न' धरला तर मला सगळंच बनवता येईल, कारण कुठलीही वस्तू कुठल्या ना कुठल्या भाषेत 'न'पासून सुरू होतच असेल. मुद्दा बिनतोड आहे.

मग ट्रुर्ल मोठ्या अभिमानाने क्लापाउसियसला बोलावतो. मित्राचं कौतुक करायचं सोडून हा यंत्राला अडकवायच्या मागे लागतो आणि शेवटी सांगतो, 'नथिंग' बनव. यंत्र गप्प उभं राहतं. क्लापाउसियसला वाटतं, जिंकलो, हे काहीच करत नाहीये. प्रत्यक्षात यंत्र कामाला लागलेलं असतं. 'काहीही नसणं' तयार करायचं तर जे आहे ते काढून टाकावं लागेल, म्हणून ते जगातल्या वस्तू एकेक करून पुसत सुटतं. हे लक्षात येईपर्यंत बरंच काही गेलेलं असतं, आकाशातले तारेसुद्धा.

तो घाबरून 'थांब' म्हणतो आणि यंत्र थांबतंही. पण गेलेल्या वस्तू परत आणायला सांगितल्यावर ते म्हणतं, आणतो की, फक्त 'न'पासून सुरू होणाऱ्या! बाकीच्या कायमच्या गेल्या. दुसऱ्या अक्षराचं यंत्र बनवायचे पुढचे सगळे प्रयत्न फसतात. रात्रीच्या आकाशात ताऱ्यांमध्ये एवढा काळोख का, याचं कथेतलं उत्तर हे असं आहे.

मर्यादा होती, मग घोळ कसा झाला?

खरी गंमत इथे आहे. 'फक्त न' ही अट ऐकायला सुरक्षित वाटते. एकाच अक्षराचं यंत्र, ते काय वाकडं करणार? पण ती अट फक्त शब्दांवर होती, परिणामांवर नव्हती. 'न'पासून सुरू होणारा एक शब्द सगळं जग पुसायला पुरला. आणि दुरुस्तीची वेळ आली तेव्हा तीच अट आडवी आली. म्हणजे नुकसान करताना मर्यादा नाही आणि भरपाई करताना मात्र आहे.

मराठीत हे यंत्र बनवलं असतं तर? नारळ, नथ, नांगर, नदी, सगळं मिळालं असतं. क्लापाउसियसचा डाव मात्र साधला नसता. 'काही नाही' हे 'क'पासून आणि 'शून्य' हे 'श'पासून सुरू होतं. शिवाय 'काही करू नकोस' म्हटल्यावर मराठी यंत्र मुकाट बसून राहिलं असतं, कारण आपल्याकडे नकार क्रियापदाला चिकटतो. पण म्हणून निर्धास्त होऊ नका. नाश, नायनाट आणि नामशेष हे तिन्ही शब्द 'न'चेच आहेत. मग 'नूतनीकरण' म्हणून सगळं परत आणता येईल का? नवं काहीतरी मिळेलही, पण पुसलेलं जुनं जसंच्या तसं आणायला त्याची नक्कल कुठेतरी जपून ठेवलेली असावी लागते. आपण त्याला बॅकअप म्हणतो.

(शंभर टक्के सुरक्षित यंत्र हवंच असेल तर 'ण'चं बनवा. शाळेतसुद्धा 'ण बाणाचा' असंच शिकावं लागतं, कारण त्यापासून शब्दच सुरू होत नाहीत. मात्र त्याचा उपयोगही तेवढाच!)

आजच्या एआयशी याचा काय संबंध?

चॅटबॉट नुसता मजकूर लिहितो, त्याने जगात काही हलत नाही. एजंटमध्ये एक कडी वाढते. मॉडेल ठरलेल्या साच्यात 'अमुक फाइल काढून टाक' असा मजकूर लिहितं, बाहेरचा दुसरा प्रोग्रॅम तो वाचतो आणि खरोखर अमलात आणतो. शब्दाची कृती होते ती या जोडावर. त्यामुळे काळजीही तिथेच घ्यायची, मॉडेल कितीही हुशार असलं तरी.

एक फरक आहे. लेमचं यंत्र अक्षराला पक्कं आणि हेतूला कच्चं. आजची भाषा मॉडेल्स साधारण उलटी आहेत. ती शब्दांचे टोकन नावाचे तुकडे करून वाचतात आणि हे तुकडे आपल्या अक्षरांशी जुळतीलच असं नाही. म्हणून अवघड प्रश्नाचं उत्तर देणारं मॉडेल शब्दातली अक्षरं मोजताना चुकू शकतं. हेतूचा अंदाज ती बऱ्यापैकी बांधतात, पण अंदाज तो अंदाजच.

सायबरनेटिक्सचे जनक नॉर्बर्ट वीनर यांनी हा धोका लेमच्या आधीच ओळखला होता. १९६४ च्या 'गॉड अँड गोलेम, इंक.' या पुस्तकात त्यांनी डब्ल्यू. डब्ल्यू. जेकब्स यांच्या १९०२ च्या माकडाच्या पंजाच्या कथेचा दाखला दिला. भारतातून आलेल्या त्या मंतरलेल्या पंजाकडे एक जोडपं २०० पौंड मागतं आणि ते त्यांना मिळतातही, पण कारखान्यात यंत्रात सापडून मेलेल्या मुलाची भरपाई म्हणून.

मग करायचं काय? एजंटला परवानगी देताना 'तो कोणत्या आज्ञा देऊ शकतो' एवढंच बघू नका. दिलेली आज्ञा मागे घेता येते का, ते आधी बघा. रिसायकल बिनमध्ये गेलेली फाइल परत येते. युनिक्समधली 'आरएम' ही आज्ञा बिनचा रस्ता धरतच नाही. एसक्यूएलमध्ये 'डिलीट'पुढे 'व्हेअर' लिहायचं राहिलं तर तक्ता अख्खा रिकामा होतो. ट्रान्झॅक्शन सुरू करून ठेवलं असेल तर 'रोलबॅक' वाचवतं, नाहीतर बॅकअप शोधत बसा. पाठवलेला मेल आणि केलेलं पेमेंट तर जवळपास 'न'च्या बाहेरचंच समजा. अशा कामांपुढे एजंटने थांबून तुम्हाला विचारलंच पाहिजे अशी सेटिंग असेल, तर ती चालू ठेवा. आणि पहिल्यांदा काम सोपवताना मूळ फोल्डर न देता त्याची प्रत द्या.