न्याहारीची सुट्टी



या व्यासपीठावरून मोठमोठ्या विद्वानांनी इतिहासावर व्याख्याने दिली आहेत. मी विद्वान नव्हे. नववीत शाळा सुटली; पुढचे शिक्षण नगर वाचनालयात आणि कारखान्याच्या फाटकावर झाले. तेव्हा राज्यांचा आणि लढायांचा इतिहास मी सांगणार नाही. सकाळी दहाच्या सुमारास माणूस हातातले काम खाली ठेवतो आणि चार घास खातो, त्या अर्ध्या घटकेचा इतिहास मी सांगणार आहे. विषय कळवला तेव्हा आपल्या कार्यवाहांना हसू आले होते. आपणही खुशाल हसा. मात्र या अर्ध्या घटकेसाठी माणसांना काय काय करावे लागले, तेही ऐकून घ्या.

शहरात न्याहारी म्हणजे उठल्यावरचा पहिला नाष्टा. शेतकऱ्याच्या घरी तसे नव्हते. झुंजूमुंजू होताच तो शिळ्या भाकरीचा तुकडा मोडून औत घेऊन निघे. तीन-चार तास काम झाले, ऊन चढू लागले, की घरची बाई पाटीत भाकऱ्या, झुणका, मिरचीचा खर्डा आणि गाडग्यात ताक घेऊन बांधावर येई. औत उभे राही. बैलांच्या माना मोकळ्या होत, त्यांच्यापुढे वैरण पडे, आणि मग माणसे झाडाखाली बसत. कांदा मुठीने फोडायचा, भाकरी हातावरच घ्यायची, शेजारच्या शेतातला कोणी दिसला तर त्याला हाक मारायची. आमच्या मालवणकडे याच वेळी पेज असे. उकड्या तांदळाची ऊन ऊन पेज, सोबत लोणच्याची फोड किंवा भाजलेला सुका बांगडा. गोव्यातही हाच रिवाज.

या खाण्याची गोडी दुपारच्या जेवणाला नाही. दुपारी जेवले की डोळे जड होतात. न्याहारीने माणूस हलका होतो. सकाळपासून किती नांगरून झाले ते त्याला बसल्या जागेवरून दिसते, आणि किती राहिले तेही दिसते. दिवस अजून हातात असतो. भूक खरी असते, पण ती वखवखलेली नसते. म्हणूनच त्या वेळी गप्पा होतात.

हा विसावा कोणी दयेने दिलेला नव्हता. बैल दमत असे, म्हणून माणसाला बसायला मिळे. इर्जिकीला गावचे नांगर एका शेतात जमत, तेव्हा ज्याचे शेत त्याने सगळ्यांना खाऊ घालायचे, हे न सांगता ठरलेले असे. एवढेच विसरू नये की जी बाई ही पाटी डोक्यावर घेऊन येई, ती पहाटेपासून जात्यावर आणि चुलीपुढे असे. तिच्या न्याहारीची वेळ कोणती, हे कोणी विचारीत नसे.

१८५४ साली कावसजी दावर यांनी मुंबईत कापडगिरणीची कंपनी काढली आणि १८५६ मध्ये ती गिरणी चालू झाली. पुढे गिरण्या वाढत गेल्या आणि रत्नागिरी जिल्ह्यातून, त्यात आजचा सिंधुदुर्गही आला, हजारो माणसे बोटीने मुंबईस उतरली. दहाच्या पेजेची सवय असलेली ही माणसे अशा एका जागी आली, की जिथे बैल नव्हता. इंजिन होते. इंजिनाला कोळसा आणि पाणी मिळाले की ते दमत नाही, आणि ते थांबल्याखेरीज माणसाला थांबता येत नाही. विजेचे दिवे येण्यापूर्वी गिरणीचा दिवस सूर्योदयापासून सूर्यास्तापर्यंत असे. मे महिन्यात तो किती लांब होत असेल याचा आपणच हिशेब करा.

१८८१ साली पहिला फॅक्टरी कायदा आला. त्याने सात ते बारा वर्षांच्या मुलांना नऊ तासांची मर्यादा आणि रोज एक तासाची विश्रांती दिली. मोठ्या माणसांच्या कामाच्या तासांबद्दल त्यात अक्षर नव्हते. १८८४ मध्ये सरकारने चौकशीसाठी कमिशन नेमले, तेव्हा नारायण मेघाजी लोखंडे पुढे आले. ते महात्मा फुल्यांचे सत्यशोधक अनुयायी आणि ‘दीनबंधू’ पत्राचे संपादक. त्यांनी सप्टेंबर १८८४ मध्ये परळला कामगारांच्या सभा भरवल्या आणि साडेपाच हजार सह्यांचा अर्ज तयार केला. त्यातल्या मागण्या पाहा : रविवारची सुट्टी, दुपारी अर्धा तास विसावा, सकाळी साडेसहा ते सूर्यास्त एवढेच काम, पगार पुढच्या महिन्याच्या पंधरा तारखेपर्यंत आणि जखमी झालेल्याला बरे होईपर्यंत पगार. मजुरी वाढवा, ही मागणी त्या यादीत नाही. आपल्या कामगार चळवळीने पहिल्यांदा तोंड उघडले ते वेळ मागण्यासाठी.

रविवार मिळाला १० जून १८९० रोजी. दुपारचा अर्धा तास १८९१ च्या कायद्याने मिळाला. बारा ते दोनच्या दरम्यान अर्धा तास काम बंद, असा तो नियम होता. म्हणजे अर्जावर सह्या केल्यापासून सात वर्षे लागली.

पण न्याहारीचे काय? कायद्याला दुपार दिसली, सकाळचे दहा दिसले नाहीत. मग कामगाराने न्याहारी आपली आपण मिळवली. शेजाऱ्याला ‘जरा माझा साचा बघ’ म्हणून सांगायचे, कोपऱ्यात जाऊन दोन घास खायचे, आणि परत येऊन त्याचा साचा आपण बघायचा. मालकांच्या भाषेत याला रेंगाळणे म्हणत. १९०८ च्या फॅक्टरी कमिशनच्या अहवालात हे गाऱ्हाणे आहे : कामगार सारखा उठतो, पाणी पितो, विडी ओढतो. दिवे आल्यावर काही गिरण्यांचा दिवस चौदा तासांवर गेला होता. त्यात माणूस उठणार नाही तर काय करील?

पुढे १९२२ मध्ये सहा तास कामानंतर एक तास विश्रांती आली. १९४८ च्या कायद्याने सलग पाच तासांनंतर निदान अर्धा तास दिला आणि अडीचशेहून अधिक कामगार असलेल्या कारखान्यांत कॅन्टीनची तरतूद केली. सकाळी सातच्या पाळीला पाच तास मोजले तर बारा वाजतात. म्हणजे याही कायद्यात दहाची न्याहारी नाही. ती कारखान्याकारखान्यांत चहाच्या सुट्टीच्या रूपाने, रिवाजाने आणि कराराने आली. जे कायद्याने मिळते ते काढून घ्यायला कायदा बदलावा लागतो. जे कराराने मिळते ते एका सहीने जाते.

हे मी पुस्तकातून शिकलो नाही. वीसेक वर्षांपूर्वी एका कारखान्याच्या वाटाघाटीत मी युनियनच्या बाजूने बसलो होतो. तिथे पावणेदहाला दहा मिनिटांची सुट्टी होती. व्यवस्थापनाने सांगितले, ही सुट्टी सोडा, चहा आम्ही मशीनवर आणून देतो आणि त्याबद्दल पगारात जादा वाढ घ्या. मी रात्रभर आकडे मांडले. दहा मिनिटांना एवढी किंमत कोणी दिली नव्हती. मी सही केली. फाटकावरच्या सभेत टाळ्या पडल्या, आणि त्या मला गोड लागल्या.

तीन-चार महिन्यांनी लेथवरचे एक वयस्क कामगार मला म्हणाले, “भाऊ, पगार वाढला ते बरं झालं. पण पलीकडच्या खात्यातल्या माणसाचं तोंड बघून महिना झाला. डबा घरी तसाच जातो. एका हाताने खायचं आणि एका हाताने मशीन बघायचं, ते काय खाणं आहे?” त्यांचा राग नव्हता, म्हणून मला ते अधिक लागले. त्या वर्षी युनियनच्या सभेला माणसे कमी येऊ लागली होती आणि मला कारण समजत नव्हते. ते कारण त्या डब्यात होते. त्या दहा मिनिटांत माणसे एकमेकांची चटणी चाखत, कोणाच्या घरी आजारपण आहे ते कळे, कोणाची मजुरी कापली तेही कळे. मी भाकरीचा हिशेब केला, बसण्याचा केला नाही. पुढच्या करारात आम्ही ती सुट्टी परत मागितली. सात मिनिटांची मिळाली, आणि तिच्यासाठी पगारवाढीतला काही भाग सोडावा लागला. त्याही वेळी मीच सही केली. त्या सभेत टाळ्या पडल्या नाहीत.

माझे वडील लालबागच्या एका गिरणीत साचेवाले होते. १८ जानेवारी १९८२ ला सुरू झालेल्या संपात अडीच लाखांच्या आसपास कामगार होते. त्यांतले ते एक. गिरणी गेली आणि ते गावी परतले. गावात भोंगा नव्हता, तरी दहा वाजता ते कुदळ ठेवून पेजेला बसत. आई एकदा म्हणाली, काम पुरं करूनच या ना! ते म्हणाले, “बस तू पण.” आणि त्या दिवसापासून तिचेही पान तेव्हाच मांडले जाऊ लागले. माझ्या वडिलांनी आयुष्यात केलेल्या करारांपैकी हा मला सर्वांत चांगला वाटतो.

आज मोटारसायकलवरून घरोघर जेवण पोचवणारी मुले आपण पाहतो. त्यांच्या कामाला फाटक नाही, पाळी नाही, शेजारचा साचा बघणारा सोबती नाही. दुसऱ्याचे गरम जेवण पाठीवर घेऊन ती उपाशीपोटी सिग्नलला उभी असतात. त्यांच्यासाठी काय मागायचे याचा विचार आम्ही युनियनवाले करीत आहोत. माझी सूचना एवढीच, की मागण्यांच्या यादीत पैशाच्या वर एक ओळ लिहावी : बसून खायला वेळ आणि बसायला जागा.

आपल्यापैकी पुष्कळांची दुकाने आहेत, कचेऱ्या आहेत, घरी कामाला बाई येते. उद्या दहा वाजता आपल्या हाताखालचा माणूस डबा उघडताना दिसला, तर त्याला हाक मारू नका. जमल्यास आपणही जवळ बसा.