गॅलरीपासून सेफ्टी डोअरपर्यंत

मुंबईत सहकारी गृहनिर्माणाची सुरुवात 1915 साली गावदेवीच्या सारस्वत सोसायटीने झाली. पण त्या काळी सामान्य मराठी माणूस राहायचा तो चाळीत. 1920 च्या दशकात सरकारने वरळी, नायगाव, डिलाईल रोड, शिवडी येथे बीडीडी चाळी बांधल्या. खोली 160 चौरस फुटांची, संडास मजल्यावर सामाईक. तिथे एकटे पडायला जागाच नव्हती! दार दिवसभर उघडे. सकाळी कोणी दिसले नाही, तर शेजारीण डोकावून विचारायची, "काय हो, बरं नाही का?"

मात्र चाळीचे नुसते गोडवे गाण्यात अर्थ नाही. पाण्यावरून भांडणे व्हायची, घरातली गोष्ट मजलाभर पसरायची, नव्या सुनेची तर फारच कुचंबणा. म्हणून तर स्वतःचा नळ, स्वतःचा संडास आणि लावून घेता येणारे दार यांसाठी माणसे गिरगाव-परळ सोडून बोरिवली-मुलुंडकडे आली. 1960 चा सहकारी संस्था कायदा आणि 1963 चा ओनरशिप फ्लॅटचा कायदा यांनी त्या घराला आधार दिला. देखभाल, पाणी, पार्किंग सगळे नियमांत बसले. शेजाऱ्याची विचारपूस तेवढी राहून गेली. चाळीत ती गॅलरीच करत होती. इथे ती कोणाचेच काम उरली नाही.

याचे टोक ऑगस्ट 2017 मध्ये अंधेरीत ओशिवऱ्याला दिसले. परदेशाहून आलेल्या मुलाला बंद फ्लॅटमध्ये आईचा सांगाडा मिळाला. इमारत भरवस्तीतली होती.

बँकेत 2 वर्षे व्यवहार झाला नाही, की खाते निष्क्रिय ठरते आणि बँक खातेदाराचा शोध घेते. माणसाच्या बाबतीत 2 दिवसही फार झाले.

आपल्याकडेही कित्येकांची मुले पुण्याला, बंगळुरूला, अमेरिकेला आहेत. रौप्यमहोत्सवी वर्षात एवढे करू या. प्रत्येक मजल्यावर एका घराने जबाबदारी घ्यावी. दुधाची पिशवी दहा वाजेपर्यंत दाराला लटकलेली दिसली, तर बेल वाजवावी. एकट्या राहणाऱ्यांनी जास्तीची किल्ली विश्वासातल्या शेजाऱ्याकडे आणि मुलांचे फोन नंबर सोसायटीच्या ऑफिसात द्यावेत.

आणि बेल वाजली, की "कशाला या चौकशा?" म्हणून आम्ही म्हाताऱ्यांनीही कपाळाला आठ्या घालू नयेत. दार उघडावे, "या, बसा" म्हणावे.