पौगंडवयाचे प्रश्न आणि ‘समाजस्वास्थ्य’

वयांत येणाऱ्या मुलांच्या मनांत स्वतःच्या देहाविषयीं जे प्रश्न उठतात, त्यांचीं उत्तरें कोणीं द्यावयाचीं, हा वाद आजचा नव्हे. परंतु तो फार प्राचीनहि नाहीं. पूर्वीं बहुतेक मुलींचीं लग्नें वयांत येण्यापूर्वींच होत. बालपण सरलें कीं संसार सुरू होई. १८९१ च्या कायद्यानें मुलींचें संमतिवय १० वरून १२ वर आलें. १९२९ च्या शारदा कायद्यानें विवाहाचें किमान वय मुलींस १४ व मुलांस १८ ठरलें. शिक्षणहि लांबलें. अशा रीतीनें बाल्य आणि संसार यांच्यामध्यें कांहीं वर्षें मोकळीं झालीं. मात्र त्या वर्षांतील शंका विचारावयास जागा झाली नाहीं.

तो काळ धास्तीचा होता. हस्तमैथुनानें शक्ति नष्ट होते, वेड लागतें, अशा समजुतींनीं कित्येक तरुण मनांतल्या मनांत झुरत, आणि धातुपुष्टीचीं औषधें विकणारे त्या भीतीवर आपला गल्ला भरीत.

ही कोंडी फोडण्यास रघुनाथ धोंडो कर्वे पुढें आले. महर्षि कर्व्यांचे हे चिरंजीव मुंबईच्या विल्सन कॉलेजांत गणित शिकवीत. १९२१ सालीं त्यांनीं संततिनियमनाचें केंद्र काढलें; त्या कार्यापायीं पुढें त्यांना प्राध्यापकी सोडावी लागली. जुलै १९२७ मध्यें त्यांनीं ‘समाजस्वास्थ्य’ मासिक सुरू केलें व १९५३ सालीं मृत्यु येईपर्यंत पदरमोड करून चालविलें. त्यांत वाचकांच्या खासगी प्रश्नांना शास्त्राच्या आधारें उघड उत्तरें मिळत. अशा प्रश्नोत्तरांवरूनच १९३४ सालीं त्यांच्यावर अश्लीलतेचा खटला झाला. डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनीं बचाव केला. विषय लैंगिक आहे, एवढ्यावरून लेखन अश्लील ठरत नाहीं, हा त्यांचा मुद्दा. तरीहि कर्व्यांना दंड झालाच.

शिक्षा झाली ती उत्तराला. प्रश्न होता तेथेंच राहिला. २००७ सालीं शाळांतून कुमारवयीन शिक्षणाचा कार्यक्रम सुरू होऊं लागला, तेव्हां महाराष्ट्रासह कांहीं राज्यांनीं तो थांबविला. विषय काढल्यानें मुलें बिघडतील, हीच जुनी भीति त्यामागें होती. प्रजननाचा धडा ‘घरीं वाचा’ म्हणून सोडून देणारे वर्ग मीं स्वतः पाहिले आहेत. आणि घरीं तर तो शब्दहि निघत नसे.

आज मुलांच्या हातीं मोबाईल आहे. वडील मंडळी गप्प बसलीं म्हणून मुलांची शंका थांबत नाहीं. ती दुसऱ्या दारीं जाते. तें दार कोणाचें असावें, एवढें ठरविणें अद्याप आईबापांच्या व शिक्षकांच्या हातीं आहे.