‘किमान एकदा’ आणि ‘एकदाही नाही’ : पूरक घटनेच्या कल्पनेचा पूर्वेतिहास

संभाव्यतेचा प्राथमिक परिचय करून देणाऱ्या पुस्तकांतून शव्हालिए द मेरे या फ्रेंच सरदाराची एक कथा वारंवार आढळते. एक फासा चार वेळा टाकला असता किमान एकदा सहा पडेल, अशी पैज लावून त्याने धन मिळविले. पुढे दोन फासे चोवीस वेळा टाकून किमान एकदा दुहेरी षट्क पडेल, अशी पैज लावू लागताच तो हरू लागला आणि या हानीचे कारण विचारण्यासाठी तो ब्लेझ पास्कालकडे गेला, असे या कथेचे स्वरूप आहे. कथा रंजक आहे. परंतु मूळ साधनाशी ती ताडून पाहिल्यास तिचा महत्त्वाचा भाग टिकत नाही.

मूळ साधन म्हणजे पास्कालने २९ जुलै १६५४ रोजी पिएर द फेर्मा यास लिहिलेले पत्र. त्यात मेरेच्या द्रव्यहानीचा उल्लेख नाही. उल्लेख आहे तो त्याच्या तक्रारीचा. एका फाशाला सहा बाजू असता चार फेका लाभदायक ठरतात. दोन फाशांची दाने छत्तीस. तेव्हा चारास सहा तसे चोवीसास छत्तीस या प्रमाणाने चोवीस फेकाही लाभदायकच ठरावयास हव्यात. प्रत्यक्षात त्या तशा ठरत नाहीत. यावरून अंकगणित स्वतःशीच विसंगत आहे, असा मेरेचा आक्षेप होता. पहिल्या पैजेतील अनुकूल व प्रतिकूल शक्यतांचे प्रमाण ६७१ : ६२५ असल्याचे पास्काल नमूद करतो, दुसऱ्या पैजेचा उलगडा मात्र फेर्माला सहज होईल, असे सांगून तो पुढे जातो.

या दोन पैजांतील अंतर लक्षात घेतल्यास हानीची कथा आणखीच संशयास्पद वाटू लागते. दुसऱ्या पैजेत जिंकण्याची संभाव्यता सुमारे ०.४९१४ आहे. हजार डाव खेळले तर सरासरीने ४९१ डाव जिंकता येतील. पैज समसमान असती तर ५०० जिंकता आले असते. फरक नऊ डावांचा, आणि केवळ दैवयोगाने होणारा चढउतार सोळा डावांच्या आसपास. एवढा सूक्ष्म तोटा खेळाच्या अनुभवावरून ओळखणे जवळजवळ अशक्य होय. म्हणून मेरेला ही विसंगती फाशांच्या पटावर नव्हे, तर हिशेबात आढळली असावी, असे अनुमान अधिक सयुक्तिक ठरते.

हिशेबाचे मर्म प्रश्न उलटा करण्यात आहे. ‘किमान एकदा सहा’ या विधानात एकदा, दोनदा, तीनदा व चारदा सहा पडणे, असे चार प्रकार अंतर्भूत आहेत. ‘एकदाही सहा नाही’ हा प्रकार मात्र एकच. प्रत्येक फेकीत सहा न पडण्याच्या पाच वाटा; म्हणून चार फेकांत ५ × ५ × ५ × ५ = ६२५. एकूण वाटा १२९६. उरलेल्या ६७१ अनुकूल. म्हणजेच संभाव्यता १ − ६२५/१२९६, सुमारे ०.५१७७. याच रीतीने दुहेरी षट्कासाठी चोवीस फेकांत १ − (३५/३६)²⁴ म्हणजे सुमारे ०.४९१४, आणि पंचवीस फेकांत सुमारे ०.५०५५ येते.

मेरेचे प्रमाण कोठे फसले, हेही यावरून स्पष्ट होते. समसमान पैजेसाठी लागणारी फेकांची संख्या एका फाशाच्या बाबतीत ३.८० आणि दोन फाशांच्या बाबतीत २४.६० निघते. पहिली सहाच्या ०.६३४ पट, तर दुसरी छत्तीसाच्या ०.६८३ पट आहे. मेरेचे दोनतृतीयांश नेमके या दोहोंच्या मध्ये पडते. म्हणून तेच प्रमाण एकीकडे लाभाचे व दुसरीकडे हानीचे ठरते. अंकगणितात विसंगती नव्हती. सरळ प्रमाणाचा नियम अस्थानी लावला गेला होता.

हा प्रमाद मेरेपुरता मर्यादित नव्हता. सोळाव्या शतकात जेरोलामो कार्दानोने आपल्या द्यूतविषयक ग्रंथात (मरणोत्तर प्रकाशन १६६३) प्रथम असेच मानले होते की, सहा बाजूंच्या निम्म्या, म्हणजे तीन फेकांत, इष्ट दान पडणे व न पडणे समान ठरते. वस्तुतः ती संभाव्यता ९१/२१६ इतकीच आहे. ख्रिस्तिआन हायगेन्सने १६५७ मध्ये हे दोन्ही प्रश्न सोडविले, चोवीस फेकांत किंचित हानी व पंचविसांत लाभ असल्याचे सांगितले. परंतु त्याची रीत एकेक फेक वाढवीत अपेक्षित लाभ मोजण्याची होती. घटना घडण्याची व न घडण्याची संभाव्यता मिळून एक होते, हे सूत्र सर्वसाधारण स्वरूपात मांडून त्याचा पद्धतशीर उपयोग केला तो आब्राम द म्वाव्ह्रने, १७१८ च्या आपल्या ग्रंथात. कोल्मोगोरोव्हच्या १९३३ च्या स्वयंसिद्धकांतून तेच सूत्र दोन ओळींत निष्पन्न होते.

आज माध्यमिक शाळेतील विद्यार्थी हे सूत्र प्रारंभीच शिकतो. तरीही त्याची चूक बहुधा वजाबाकीत न होता नकारात होते. ‘चारही वेळा सहा’ याचा नकार ‘चारही वेळा सहा नाही’ असा तो करतो. वास्तविक तो ‘किमान एकदा सहा नाही’ असा व्हावयास हवा. या ठिकाणी मराठीची रचनाच भ्रामक आहे. ‘चारही वेळा सहा पडले नाहीत’ या वाक्याचे दोन्ही अर्थ होऊ शकतात. उलट ‘एकदाही’ मधील ‘ही’ हे अव्यय नकाराची व्याप्ती निःसंदिग्ध करते. पूरक घटना शिकविताना एकातून वजा करण्याआधी हा भाषिक नकार पक्का करून घेणे आवश्यक आहे. मेरेची खरी कथाही तेच सुचविते. त्याची गाडी अडली ती नशिबापाशी नव्हे, तर ‘किमान एकदा’ या दोन शब्दांच्या अर्थापाशी.