फातमा बेगम : पहिल्या स्त्री-दिग्दर्शक

'आलम आरा' (1931) म्हटले की आपल्याला झुबेदा आठवते; तिच्या आईचा मात्र विसर पडतो. 1913 साली 'राजा हरिश्चंद्र'मधील तारामती अण्णा साळुंके या पुरुषाने साकारली, कारण या कामाला बाई मिळत नव्हती. त्यानंतर नऊच वर्षांनी, 1922 साली, उर्दू रंगभूमीवरच्या फातमा बेगम 'वीर अभिमन्यू' या मूकपटात आल्या. 1926 साली त्यांनी मुंबईत स्वतःची कंपनी काढून 'बुलबुल-ए-परिस्तान' दिग्दर्शित केला आणि त्या भारतातील पहिल्या स्त्री-दिग्दर्शक ठरल्या. अभिनय, लेखन, निर्मिती, दिग्दर्शन ही सारी कामे त्यांनी केली. सुलताना, झुबेदा, शहजादी या तिन्ही मुलीही चित्रपटात आल्या. 1929 नंतर त्यांचे दिग्दर्शन थांबले. 1983 साली त्यांचे निधन झाले. 'बुलबुल-ए-परिस्तान'ची एकही प्रत शिल्लक असल्याचे ज्ञात नाही.

चित्रपट हरवला, निदान नाव तरी हरवू नये, असे आम्हाला वाटते. मुस्लिम स्त्रीने उंबरठ्याबाहेर काय केले, असे कुणी विचारले तर आपल्या मुलींना हे उत्तर तोंडपाठ असायला हवे.