फुटबॉल आणि पायाची किंमत

इंग्रजी भाषेत चेंडूला मारली तरी ती किक आणि माणसाला मारली तरी ती किकच. मराठीने हा घोटाळा होऊ दिलेला नाही. माणसाला बसते ती लाथ. मैदानावर चेंडूला बसते ती किक, आणि हा शब्द खेळाच्या पाठोपाठ इकडे आला. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास इंग्लंडमधील सुशिक्षित तरुण फुटबॉलचे नियम ठरविण्यास बसले, तेव्हा त्यांच्यापुढचा सर्वांत बिकट प्रश्न मात्र याच घोटाळ्यातून निघालेला होता. लाथ फक्त चेंडूला मारावयाची, की प्रतिपक्षाच्या नडगीलाही? या प्रश्नावरून एका खेळाचे दोन खेळ झाले, आणि पुढे त्या दोहोंचे पाचसहा. त्या प्रत्येकाने फुटबॉल हे नाव आग्रहाने जवळ ठेवले. परंतु नावात असलेल्या पायाला प्रत्येकाने दिलेली किंमत मात्र वेगवेगळी आहे.

इंग्लंडमधील मोठ्या निवासी शाळांतून फुटबॉल फार पूर्वीपासून खेळला जाई आणि ज्या त्या शाळेचा रिवाज निराळा असे. फरसबंद अंगणात खेळणाऱ्या मुलांनी चेंडू पायाशी घोळवीत नेण्याची कला वाढविली. रग्बी येथील शाळेला विस्तीर्ण हिरवळ लाभली होती. तेथे अंगावर पडणे, लोळविणे हे सारे चालून जाई. 1823 साली विल्यम वेब एलिस या विद्यार्थ्याने चेंडू उचलून धूम ठोकली आणि रग्बीचा जन्म झाला, अशी कथा सांगतात. ती कथा एलिसच्या मृत्यूनंतर पुढे आली, तेव्हा तिच्यावर फारसा भार टाकता येत नाही. तथापि तिच्यातला एक तपशील बोलका आहे. चेंडू हाती धरणे हा त्याचा अपराध नव्हताच, झेलण्यास मुभा होतीच. झेलल्यावर मागे सरून किक मारावयाची तो पुढे धावला, हा अपराध. हाताने झेलावे ते पायाने मारण्यासाठी, असा तो क्रम होता.

रग्बीच्या विद्यार्थ्यांनी 1845 साली आपले नियम लिहून काढले. त्यांत प्रतिपक्षाच्या नडगीवर लाथ मारण्यास मोकळीक होती. गुडघ्याच्या वर आणि टाचेने मारणे तेवढे निषिद्ध. इंग्रजीत याला हॅकिंग म्हणत. मराठीत लाथाळी हा शब्द त्याला अगदी चपखल बसतो.

26 ऑक्टोबर 1863 रोजी लंडनमधील फ्रीमेसन्स टॅव्हर्न येथे काही क्लबांचे प्रतिनिधी जमले आणि त्यांनी फुटबॉल असोसिएशन स्थापन केली. एबेनेझर मॉर्ली हा वकील तिचा चिटणीस झाला. त्याने तयार केलेल्या पहिल्या मसुद्यात दोन कलमे परस्परांना बांधलेली होती: चेंडू हातात घेऊन पळण्याची परवानगी, आणि अशा पळणाऱ्याच्या नडगीवर लाथ घालण्याची परवानगी. म्हणजे लाथाळी हा नुसता रांगडेपणा नव्हता. हाताने चेंडू पळविणाऱ्याला पायाने द्यावयाचे ते उत्तर होते. ही दोन कलमे गाळावीत असे पुढे ठरू लागले तेव्हा ब्लॅकहीथ क्लबाचा कॅम्बेल उसळून उठला. लाथा काढून टाकल्या तर खेळातले धैर्यच निघून जाईल, मग आठवडाभर सराव केलेले फ्रेंच लोक आणूनही तुम्हांला हरवून दाखवीन, अशा आशयाचे त्याचे भाषण प्रसिद्ध आहे. मॉर्लीचे म्हणणे व्यवहाराचे होते. पोटापाण्याच्या उद्योगाला लागलेली प्रौढ माणसे असल्या खेळाला येणार नाहीत, एवढेच तो सांगत होता. दोन्ही कलमे गळाली आणि डिसेंबरात ब्लॅकहीथ क्लब असोसिएशनमधून बाहेर पडला.

या फुटीनंतर जे तेरा नियम छापले गेले ते आजच्या फुटबॉलप्रेमी माणसाला दाखविले तर तो त्यांना रग्बीचेच नियम म्हणेल. चेंडू झेलता येई. झेलणाऱ्याने तत्काळ टाचेने जमिनीवर खूण केली की त्याला फ्री किक मिळे. प्रतिपक्षाच्या गोलरेषेपलीकडे चेंडूला प्रथम हात लावला तर पंधरा यार्डांवरून गोलाकडे किक मारण्याचा हक्क मिळे. गोलखांब आठ यार्डांच्या अंतरावर होते खरे, पण वर ना दोरी ना दांडी. कितीही उंचावरून चेंडू गेला तरी गोलच. हाताची हकालपट्टी पुढे हळूहळू झाली. 1866 साली झेलाबद्दलची किक रद्द झाली आणि खांबांना फीत बांधली गेली. 1871 पासून चेंडूला हात लावण्याचा अधिकार एकट्या गोलरक्षकापुरता उरला. त्या फितीखालून गेला तर असोसिएशनचा गोल, आणि दांडीवरून गेला तर रग्बीचा, अशी कायमची वाटणी झाली.

रग्बीवाल्यांनी 26 जानेवारी 1871 रोजी आपली युनियन स्थापिली. तिचे नियम लिहिण्याचे काम ज्याच्याकडे आले तो लेनर्ड मॅटन त्या वेळी पाय मोडून अंथरुणाला खिळला होता, आणि सहकाऱ्यांनी पुरविलेल्या तंबाखूच्या मोबदल्यात त्याने ते पार पाडले, असे सांगतात. त्या नियमांत लाथाळीला बंदी होती! ज्या हक्कासाठी आठ वर्षांपूर्वी घर फुटले, तो हक्क फुटून निघालेल्यांनीच टाकून दिला. पण घर काही पुन्हा एक झाले नाही. भांडणाचे खरे कारण तोवर हाताकडे सरकले होते.

त्याच वर्षी 27 मार्चला एडिंबरा येथे स्कॉटलंड आणि इंग्लंड यांचा रग्बीचा पहिला आंतरराष्ट्रीय सामना झाला. इंग्लंडच्या खेळाडूने गोलरेषेपलीकडे चेंडू टेकवला होता, स्कॉटलंडच्या खेळाडूंनी दोनदा. तरीही निकाल एक गोल विरुद्ध शून्य असाच लागला. कारण चेंडू टेकविण्याला स्वतःची अशी किंमतच नव्हती. त्याने फक्त गोलाकडे किक मारून पाहण्याची संधी मिळे, आणि म्हणूनच त्या कृतीचे नाव ट्राय, म्हणजे प्रयत्न, असे पडले. स्कॉटलंडच्या क्रॉसने एक किक साधली, इंग्लंडची चुकली. वीस वीस माणसांची सारी धडपड अखेर एका माणसाच्या पावलाशी येऊन थांबत असे.

ती किक सोपीही नव्हती. एक खेळाडू जमिनीवर पालथा पडून चेंडू दोन्ही हातांत अधांतरी धरी. मारणारा सज्ज झाला की टाचेने केलेल्या खळग्यात तो अलगद ठेवी. आणि चेंडू जमिनीला लागताक्षणी प्रतिपक्ष धावून येई. ही प्लेस किक. चेंडू हातातून सोडून, जमिनीवर टेकून उसळतो त्याच क्षणी मारावयाचा ती ड्रॉप किक. आणि जमिनीला लागण्यापूर्वीच मारावयाचा तो पंट. पहिल्या दोहोंनी गोल होई, पंटने होत नसे. पंट कितीही लांब गेला तरी त्याने नुसती जमीन जिंकावयाची.

या खेळाची एक आठवण भारताशीही जडलेली आहे. कलकत्त्यातील इंग्रजांनी काढलेला रग्बीचा क्लब चालेना, तेव्हा त्यांनी शिल्लक राहिलेले चांदीचे रुपये वितळवून एक चषक घडविला आणि 1878 साली तो रग्बी युनियनला दिला. इंग्लंड आणि स्कॉटलंड आजही त्या कलकत्ता चषकासाठी खेळतात. 1879 चा त्यासाठीचा पहिला सामना एक गोल विरुद्ध एक ड्रॉप गोल असा बरोबरीत सुटला. दोन्ही बाजूंनी पायच मोजला गेला.

त्यानंतर पायाची घसरण सुरू झाली. 1886 साली रग्बीत गुण मोजण्याची पद्धत आली तेव्हा ट्रायला एक आणि गोलाला तीन गुण होते. त्या शतकाच्या अखेरच्या दशकात ट्रायचे तीन झाले आणि त्यावर साधलेल्या किकचे दोन. ड्रॉप गोलाचे चार गुण 1948 साली तीनवर आले. ट्राय 1971 साली चार गुणांचा झाला, 1992 साली पाचांचा. ज्याची किंमत शून्य होती ते सर्वांत मोलाचे ठरले. 1895 साली फुटून निघालेल्या उत्तर इंग्लंडच्या क्लबांनी, ज्यांचा खेळ पुढे रग्बी लीग झाला, तर 1897 सालीच सर्व प्रकारच्या गोलांना सरसकट दोन गुण लावून टाकले.

अमेरिकेत हीच कथा अधिक वेगाने घडली. 1883 च्या तेथील नियमांत खेळ चालू असता मारलेल्या गोलाला पाच गुण, आणि चेंडू पलीकडे नेण्याला अवघे दोन. 1912 पर्यंत हे पारडे पुरते उलटले, गोलाला तीन आणि चेंडू नेण्याला सहा. 1906 साली चेंडू पुढे फेकण्यास परवानगी मिळाली. पुढे फेकण्याच्या सोयीसाठी चेंडू अधिक निमुळता करण्यात आला. निमुळता चेंडू जमिनीवर टेकला की कोणीकडे उसळेल याचा भरवसा नाही. ड्रॉप किक कोणी रद्द केली नाही. चेंडूच्या आकारानेच ती मारली. तेथील व्यावसायिक स्पर्धेत 1941 च्या डिसेंबरानंतर ती यशस्वीपणे पाहावयास मिळाली ती थेट 1 जानेवारी 2006 रोजी, डग फ्लूटी या त्रेचाळीस वर्षांच्या खेळाडूच्या पायातून. मिळाला गुण एक.

ऑस्ट्रेलियात मात्र पायाने आपले स्थान सोडले नाही. मेलबर्न येथे 1859 च्या मे महिन्यात, म्हणजे लंडनच्या बैठकीच्या चार वर्षे आधीच, नियम लिहिले गेले. लिहिणाऱ्यांत रग्बीच्या शाळेत शिकून आलेला टॉम विल्सही होता, तरी लाथाळीला तेथे पहिल्या दिवसापासून मनाई होती. झेल घेतला की किकचा हक्क, ही जुनी रीत तेथे खेळाचा कणा होऊन बसली. धावणाऱ्याला चेंडू मधूनमधून जमिनीवर आपटावा लागतो, सहकाऱ्याला द्यावयाचा तर मुठीने ठोसून द्यावा लागतो, आणि सहा गुणांचा गोल हवा असेल तर तो पायानेच. आयर्लंडच्या गेलिक फुटबॉलमध्येही हात मुक्त आहेत. पण काही पावलांनंतर चेंडू पायावर सोडून पुन्हा हाती उडवून घ्यावा लागतो, जणू पायाची परवानगी घेतल्यावाचून पुढे जावयाचे नाही.

असोसिएशनच्या खेळाने हात टाकला, तेव्हा पायाला प्रतिस्पर्धी उरला नाही. तरीही त्यात एक नवी किक आली ती पायाच्या अपराधापायीच. गोलाच्या तोंडाशी मुद्दाम पाय घालून माणसे पाडली जात, म्हणून आयर्लंडमधील मिलफर्डच्या विल्यम मॅक्रम या गोलरक्षकाने शिक्षेच्या किकची कल्पना मांडली. सभ्य गृहस्थ मुद्दाम अपराध करतो असे गृहीत धरणे हाच अपमान, असे म्हणणारे पुष्कळ होते. 1891 च्या जूनमध्ये पेनल्टी किक नियमांत आली. गोव्यात शिवोली येथे 1883 साली लायन्स या पाद्र्याने फुटबॉल आणला असे मानतात. तो आला तेव्हा त्यात पेनल्टी नव्हती.

भारतात या पायाला आणखी एक प्रश्न पडला, बुटाचा. 1911 साली मोहन बागानने ईस्ट यॉर्कशायर रेजिमेंटला 2–1 असे हरवून आयएफए शील्ड जिंकली, तेव्हा त्यांचे एक सोडून सारे खेळाडू अनवाणी होते. अनवाणी माणूस अंगठ्याने जोरात मारू शकत नाही. त्याला पावलाच्या पाठीने किंवा आतल्या बाजूने मारावे लागते, आणि त्यामुळे त्याच्या पायाला चेंडूची जाण फार सूक्ष्म येते. 1948 च्या लंडन ऑलिंपिकमध्ये बहुतेक अनवाणी भारतीय संघाने फ्रान्सला अखेरपर्यंत झुंजविले आणि 2–1 असा सामना गमावला. त्या सामन्यात भारताला दोन पेनल्टी मिळाल्या होत्या. दोन्ही वाया गेल्या. चालत्या चेंडूला वळविणारे पाय निश्चल चेंडूपुढे चुकले. अनवाणी खेळू दिले नाही म्हणून भारत 1950 च्या विश्वचषकास गेला नाही, ही लोकप्रिय समजूत आहे. संघटनेने त्या वेळी पुढे केलेली कारणे संघनिवडीची आणि सरावाच्या वेळेची होती. हेलसिंकीला 1952 साली थंडीत युगोस्लाव्हियाकडून 10–1 असा पराभव झाल्यावर मात्र बूट सक्तीचे झाले.

पावलाच्या पाठीने मारण्याची हीच रीत अमेरिकेत मात्र नवलाची ठरली. तेथे सरळ धावत येऊन चौकोनी टोकाच्या बुटाने अंगठ्याकडून चेंडू हाणण्याची पद्धत होती. 1956 च्या उठावानंतर हंगेरीतून परागंदा झालेल्या कुटुंबातील पीट गोगोलाक 1964 साली बफेलोच्या संघात आला आणि बाजूने तिरका धावत येऊन पावलाच्या पाठीने मारू लागला. अशा फटक्यात कमरेपासून सारा पाय फिरतो आणि चेंडूला पावलाचा रुंद भाग लागतो. जोर वाढतो, दिशाही सांभाळली जाते. अंगठ्याच्या पद्धतीने जाण्यापूर्वी एक पराक्रम मात्र केला. उजव्या पायाला जन्मतः बोटेच नसलेल्या टॉम डेम्प्सीने 8 नोव्हेंबर 1970 रोजी न्यू ऑर्लिन्स येथे 63 यार्डांवरून गोल मारला, आणि तो उच्चांक 2013 पर्यंत कोणाला ओलांडता आला नाही. रग्बीतही तिरक्या धावेची पद्धतच पुढे रूढ झाली. ऑस्ट्रेलियात जुन्या ड्रॉप किकची जागा ड्रॉप पंटने घेतली. त्यात चेंडू उलटा, टोकावरून टोकावर फिरत जातो आणि वाट सोडत नाही.

झेलून टाचेने खूण करणाऱ्याला फ्री किक देण्याची 1863 ची रीत असोसिएशनने तीन वर्षांत मोडली. अमेरिकेच्या नियमांत मात्र तिचा एक अवशेष पडून राहिला आहे. प्रतिपक्षाचा पंट न पळता झेलला, तर झेलणाऱ्याच्या संघाला तेथूनच, समोर कोणी अंगावर येणार नाही अशा रीतीने, गोलाकडे किक मारता येते. 1976 नंतर हा हक्क कोणालाही साधला नव्हता. 19 डिसेंबर 2024 रोजी लॉस एंजेलिसच्या चार्जर्स संघाच्या कॅमेरन डिकरने तो 57 यार्डांवरून साधला, आणि पुष्कळ प्रेक्षकांना हा नियम अस्तित्वात आहे हे त्या किकमुळेच प्रथम कळले.